गोल चौकटीतला एव्हरेस्ट

'द एपिक ऑफ एव्हरेस्ट' हा 1924 सालचा मूकपट. त्याच्या शेवटाकडे एक दृश्य येतं. पडदा जवळजवळ सगळा काळा आहे आणि मधोमध एक गोल उजेड, दुर्बिणीतून पाहताना दिसतो तसा. त्या गोलात बर्फाचा उभा उतार आणि त्यावर हलणारे काही ठिपके. ते ठिपके म्हणजे नॉर्थ कोल या 7,000 मीटरवरच्या खिंडीतली माणसं. ती बर्फावर सहा ब्लँकेट अंथरतात. आकार क्रॉसचा. खाली तिसऱ्या तळावर डोळे लावून बसलेल्यांना त्याचा अर्थ आधीच ठरवून दिलेला होता: शिखराकडे निघालेले मॅलरी आणि आयर्विन सापडले नाहीत, आता आशा नाही.

या दृश्यात कुणाचा चेहरा दिसत नाही. रडणारं कुणी नाही. आवाज तर त्या काळच्या चित्रपटात नव्हताच. तरीही पर्वतावर काढलेल्या चित्रपटांतलं इतकं जड दृश्य मी दुसरं पाहिलेलं नाही. माणसाचं सगळ्यात मोठं दुःख त्या उतारावर एका नखाएवढ्या खुणेत मावलं आहे, आणि भोवतीचा पहाड जिथल्या तिथे उभा आहे.

हा चित्रपट काढणारे कॅप्टन जॉन नोएल तिथे गेले होते ते विजय टिपायला. त्या वर्षीच्या ब्रिटिश मोहिमेचे चित्रीकरणाचे आणि छायाचित्रांचे हक्क त्यांनी 8,000 पौंडांना विकत घेतले होते. मोहिमेच्या खर्चाचा मोठा भार त्या रकमेनं उचलला. त्यासाठी त्यांनी एक कंपनी उभी केली. तिबेटात ब्रिटिश फौज घेऊन गेलेले फ्रान्सिस यंगहजबंड तिचे अध्यक्ष होते. एवढा पैसा एका क्षणासाठी लावला होता: जगातल्या सर्वांत उंच जागी उभा असलेला माणूस. तो क्षण नोएलना मिळाला नाही. मिळालं ते वेगळंच, आणि शंभर वर्षांनंतर त्याचं मोल त्या हुकलेल्या क्षणाहून मोठं झालं आहे. डोंगरांच्या चित्रांबाबत हे वारंवार घडतं असं मला दिसत आलंय. ज्याच्यासाठी कॅमेरा वर नेला ते निसटतं आणि सहज जाता जाता फिल्मवर उतरलेलं पुढच्या पिढ्यांच्या कामी येतं.

नोएल फौजी माणूस. 1913 साली हिंदुस्थानातल्या नोकरीत असताना रजा घेऊन, वेष पालटून ते सिक्कीममार्गे तिबेटात घुसले. एव्हरेस्टपासून चाळीस मैलांवर पोचले आणि तिथून त्यांना परतावं लागलं. 1919 मध्ये लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीत त्यांनी या प्रवासावर व्याख्यान दिलं. एव्हरेस्टवर मोहीम काढायच्या, महायुद्धामुळे मागे पडलेल्या चर्चेला त्या व्याख्यानानं पुन्हा तोंड फुटलं. 1921 ची पहिली मोहीम निघाली ती त्यातूनच. चित्रपटाचं वेड त्यांना लागलं ते स्कॉटच्या दक्षिण ध्रुव मोहिमेवर हर्बर्ट पाँटिंगनं काढलेल्या चित्रपटामुळे. पुढे पाँटिंगनंच त्यांना यंत्राबद्दल सल्ला दिला.

1922 च्या दुसऱ्या मोहिमेत नोएल अधिकृत छायाचित्रकार म्हणून गेले, तेव्हा बर्फाच्या प्रदेशात फिल्म हाताळणं म्हणजे काय हे त्यांना समजलं. कॅमेऱ्याच्या धातूला गाल लागला की कातडी चिकटून निघते, म्हणून डोळा लावायच्या जागेभोवती रबर बसवावं लागलं. अतिकोरड्या, थंड हवेत फिल्म गुंडाळली जाताना तिच्यावर स्थिर विजेच्या ठिणग्या उडतात आणि चित्रावर फांद्याफांद्यांचे पांढरे चरे उमटतात. त्यावर उपाय एकच, संथपणा. रिळं धुण्यासाठी नोएलनी तिथेच तंबूत अंधारखोली थाटली होती. ओढ्याचं पाणी गोठायचं. ओली फिल्म वाळवायला याकच्या शेणाची शेगडी पेटवायची, तर तिची राख आणि वाऱ्यानं येणारी धूळ ओल्या थरावर बसायची. रात्रभर जागून धुतलेल्या त्या रिळांतून पहिला चित्रपट झाला.

दुसऱ्या खेपेस त्यांनी हा छळ टाळला. दार्जिलिंगला प्रयोगशाळा बांधून घेतली आणि तळावरून घोडेस्वारांकरवी रिळं तिबेटच्या पठारावरून, खिंडी ओलांडत तिकडे रवाना केली. स्वतःजवळ ठेवला तो खास बनवून घेतलेला हलका न्यूमन-सिंक्लेअर कॅमेरा आणि वीस इंची टेलिफोटो लेन्स. आज त्या लेन्सला आपण पाचशे मिलिमीटरची म्हणू. पक्ष्यांचे फोटो काढणारे पुण्यामुंबईचे कितीतरी हौशी लोक खांद्यावर तशी लेन्स घेऊन फिरतात. 1924 मध्ये चलच्चित्राच्या कॅमेऱ्याला ती लावायची म्हणजे नुसता वारा लागला तरी चित्र थरथरणार. म्हणून कॅमेऱ्याला जोडून एक दुर्बीण बसवली होती, नेम धरण्यासाठी.

नोएलनी जागा निवडली ती तिसऱ्या तळाच्या वरची. तिला त्यांनी गरुडाचं घरटं असं नाव दिलं. उंची सुमारे 22,000 फूट, म्हणजे 6,700 मीटर. आपलं कळसूबाई 1,646 मीटर. एकावर एक चार कळसूबाई रचून त्यांच्या माथ्यावर बसावं आणि तरीही समोरचं शिखर आणखी दोन हजार मीटर वर असावं, अशी ती जागा. नोएल तिथून वर गेले नाहीत असं नाही. 1922 मध्ये नॉर्थ कोलवर मुक्काम ठोकून त्यांनी चित्रीकरण केलं होतं, आणि त्या काळी इतक्या उंचावर कुणी चित्रपटाचा कॅमेरा चालवलेला नव्हता. पण 1924 मध्ये त्यांचं मुख्य काम लांबूनच झालं. शिखर तिथून सुमारे तीन मैल.

या अंतरामुळेच तो चित्रपट मोठा झाला असं माझं ठाम मत आहे. नोएलना जवळ जाता आलं असतं तर त्यांनी माणसं टिपली असती: दाढ्यांवरचा बर्फ, गॉगल, धापा. लांब राहिल्यामुळे त्यांना पहाड टिपावा लागला. चौकटीचा नऊ-दशांश भाग बर्फ आणि खडक, उरलेल्यात एक बारीक रेघ. ती रेघ सरकते आहे हे काही क्षणांनी लक्षात येतं आणि मग पोटात खड्डा पडतो, कारण डोळ्यांना पहिल्यांदाच माप मिळतं. समोरची बर्फाची भिंत किती उंच आहे हे त्या रेघेमुळे कळतं. माणूस चौकटीतून काढून टाकला तर तीच भिंत एखाद्या टेकाडाएवढीही वाटेल. सह्याद्रीत फोटो काढणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको. कोकणकड्याच्या काठावर एखादा माणूस पालथा पडून दरीत डोकावत असेल तरच त्या अर्धगोल कड्याचा आवाका फोटोत येतो.

सावल्यांचं चित्रीकरण हे नोएलचं दुसरं मोठं काम. एकाच जागी कॅमेरा रोवून, मधूनमधून एकेक चौकट घेत त्यांनी ढग आणि सावल्या पहाडावरून सरकताना टिपल्या. तासाभरात घडणारं पडद्यावर काही सेकंदांत घडतं. दरीतून अंधार वर चढत जातो, कडे एकामागून एक विझतात आणि शेवटी माथा तेवढा उजळलेला राहतो. काळ्यापांढऱ्या फिल्मच्या प्रतींना तेव्हा रंगद्रव्यात बुडवून एकेका दृश्याला एकेक छटा देत. बर्फाच्या सुळक्यांमधल्या वाटेला निळी, सूर्यास्ताला तांबडी. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटनं 2013 मध्ये हा चित्रपट नव्यानं सिद्ध केला तेव्हा या छटा मूळच्यासारख्या परत आणल्या. पूर्व रोंगबुक हिमनदीवरच्या सुळक्यांचा तो निळा भाग पाहताना वाटतं की या एका भागासाठी जरी हा चित्रपट उरला असता तरी पुरे होतं. घराएवढे, देवळाएवढे बर्फाचे सुळके आणि त्यांच्यामधून वाट काढणारी ओझेवाल्यांची रांग.

8 जून 1924 ला काय झालं ते अनेकांना माहीत आहे, पण कॅमेऱ्याच्या बाजूनं ते क्वचित सांगितलं जातं. आदल्या दिवशी मॅलरीनं सर्वांत वरच्या तळावरून नोएलना चिठ्ठी पाठवली. आम्ही लवकर निघू, आठच्या सुमारास अमुक खडकाच्या पट्ट्यावर किंवा धारेवर आमच्याकडे पाहा, अशा अर्थाची. सकाळ लिहायच्या जागी त्यानं घाईत रात्र लिहिली, पण अर्थ उघड होता. नोएलनी पहाटेच कॅमेरा धारेवर रोखला. सोबतचे ओझेवाले आळीपाळीनं दुर्बिणीला डोळा लावून बसले. मग ढग आले आणि धार झाकली गेली. दुपारी एकच्या आत, वर सुमारे 7,900 मीटरवर एकटाच चढत असलेल्या ओडेल या भूशास्त्रज्ञाला ढगांच्या फटीतून धारेवर एक काळा ठिपका सरकताना दिसला, त्याच्यामागे दुसरा. फट मिटली. त्यानंतर त्या दोघांना जिवंत कुणी पाहिलं नाही.

एवढी सज्ज टेलिफोटो लेन्स तीन मैलांवरून नेमकी त्याच धारेवर रोखलेली होती. पाहिलं मात्र ज्याच्या हातात कॅमेरा नव्हता त्या माणसानं. ओडेलला दिसलेला तो ठिपका धारेच्या नेमक्या कोणत्या पायरीवर होता, यावर गेली शंभर वर्षं वाद चालू आहे. फिल्मवर काही सेकंद उतरले असते तर तो उद्भवलाच नसता.

या चित्रपटाचा पहिला भाग तिबेटचा आहे. फारी गाव, शेकर झोंगचा किल्ला, रोंगबुकचा मठ, बाजारातल्या बायका, वाटेत जन्मलेलं आणि लगेच तांड्याबरोबर चालू लागलेलं गाढवाचं शिंगरू. तिबेटी जीवन चलच्चित्रात आलं त्याच्या अगदी सुरुवातीच्या नोंदींपैकी ही एक. या भागातल्या पाट्यांमधला सूर मला खटकतो. फारीच्या अस्वच्छतेवरचं भाष्य साहेबी तोऱ्याचं आहे, आणि कौतुकातही वरून खाली पाहणं आहे. तिबेटी सरकारलाही तो अपमान वाटला. त्यात भर म्हणजे लंडनच्या प्रदर्शनासाठी नोएलनी ग्यांत्सेहून सात लामा नेले आणि चित्रपटाआधी रंगमंचावर त्यांच्याकडून धार्मिक नृत्यं करवून घेतली. ल्हासात संताप उसळला, परवानग्या बंद झाल्या आणि पुढची ब्रिटिश मोहीम निघायला 1933 उजाडलं. आज पाट्या बाजूला ठेवून नुसती चित्रं पाहावीत. बायांच्या डोक्यावरचे ते भव्य दागिने, मुलांचं थेट कॅमेऱ्यात रोखून पाहणं, किल्ल्याच्या उतरत्या भिंती. नोएलना हा भाग विजयाच्या गोष्टीची प्रस्तावना म्हणून हवा होता. पुढे तिबेटवर जे ओढवलं त्यानंतर तो एका मोडलेल्या जगाचा दस्तऐवज झाला.

हिमनद्यांचंही तसंच. 1921 च्या मोहिमेत मॅलरीनं फोटो काढले होते. सुरुवातीच्या काचेच्या प्लेटा त्यानं कॅमेऱ्यात उलट्या बसवल्या. सगळं काम वाया गेलं आणि त्याला पुन्हा चढून तीच दृश्यं नव्यानं घ्यावी लागली. फोटो त्याला हवे होते ते वाट शोधण्यासाठी. त्याच मोहिमेत सर्व्हे ऑफ इंडियाचा कॅनेडियन अधिकारी ऑलिव्हर व्हीलर कॅमेऱ्यानं मोजणी करत कड्यांवर चढत होता. त्याला नकाशा करायचा होता. या दोघांच्याही मनात बर्फ किती जाड आहे याची नोंद ठेवायचा विचार नव्हता.

2007 मध्ये अमेरिकन चित्रपटकार आणि गिर्यारोहक डेव्हिड ब्रिशर्स मॅलरीच्या फोटोची प्रत घेऊन रोंगबुकच्या वरच्या त्याच जागी जाऊन उभे राहिले. त्यांनी तीच चौकट जुळवली. शिखर तेच, धारा त्याच, पण खालची हिमनदी सुमारे 100 मीटर खचलेली. व्हीलरच्या फोटोतली क्येत्राक हिमनदी जिथे फोटोत बर्फ होता तिथून मागे हटलेली. ब्रिशर्स यांनी ग्लेशियरवर्क्स ही संस्था काढून हिमालयभर अशा जुन्या जागा शोधल्या आणि जुळवल्या. तापमानाचे आलेख मीही वाचलेत, पण ही दोन चित्रं शेजारीशेजारी ठेवली तेव्हा जे समजलं ते आलेखातून समजलं नव्हतं. नोएलच्या निळ्या सुळक्यांकडेही मी आता तसंच पाहतो. तो बर्फ तेव्हा तिथे होता, याचा तो पुरावा आहे.

ब्रिशर्सचंच दुसरं काम याच्या अगदी उलट टोकाचं. 1996 मध्ये ते आयमॅक्सचा कॅमेरा एव्हरेस्टच्या माथ्यावर घेऊन गेले. हलका करूनही तो जडच. पाचशे फुटांचं रीळ दीड मिनिटात संपायचं, आणि ते बदलायचं उघड्या बोटांनी, कारण हातमोजे घालून फिल्म भरता येत नाही. त्याच मोसमात 10 मेच्या वादळात त्या पहाडावर आठ जण मेले. ब्रिशर्सच्या तुकडीनं चित्रीकरण थांबवलं, स्वतःसाठी वर साठवलेला ऑक्सिजन संकटात सापडलेल्यांना खुला केला आणि माणसं खाली आणायला हात लावला. मग 23 मे रोजी ते माथ्यावर पोचले. सोबत तेनसिंग नोर्गे यांचा मुलगा जामलिंगही होता. नोएलना जे साधलं नाही ते त्यांना साधलं. माथा, तोही भल्यामोठ्या पडद्यासाठी. चित्रपट देखणा आहे. तरीही मनात राहतो तो नोएलचा गोल. माथ्यावरून दिसणाऱ्या दृश्यात पहाड उरत नाही, कारण तो पायाखाली गेलेला असतो. हल्ली ड्रोन शिखराला प्रदक्षिणा घालून येतात. त्या चित्रांत सौंदर्य खूप असतं, पण कड्याखाली उभं राहिल्यावर मान मागे टाकून जी भीती वाटते ती नसते.

आणखी एक कॅमेरा या कथेत आहे. कोडॅकचा खिशात मावणारा, घडीचा. तो हॉवर्ड सॉमरवेल या डॉक्टरचा. 4 जून 1924 ला सॉमरवेल आणि त्याचा मोहिमेतला साथीदार नॉर्टन ऑक्सिजनशिवाय चढले. घशाच्या त्रासानं सॉमरवेल थांबला, नॉर्टन एकटा 8,573 मीटरपर्यंत गेला. पुढे जाणाऱ्या नॉर्टनचा सॉमरवेलनं घेतलेला फोटो तोवरचा सर्वांत उंचावरचा. उतरल्यावर त्यानं आपला कोडॅक मॅलरीला दिला. पुढे हा सॉमरवेल कन्याकुमारीजवळच्या नेय्यूर इथल्या मिशन रुग्णालयात शल्यविशारद म्हणून अनेक वर्षं राबला. 1 मे 1999 रोजी मॅलरीचा देह 8,155 मीटरवर सापडला. खिशात चिठ्ठ्या होत्या, गॉगल होता, कॅमेरा नव्हता. 2024 च्या सप्टेंबरात मध्य रोंगबुक हिमनदीवर आयर्विनचं नाव शिवलेला मोजा, बूट आणि पाऊल मिळालं. कॅमेरा तेव्हाही नाही. गोठलेली काळीपांढरी फिल्म इतक्या वर्षांनीही धुता येण्याची शक्यता कोडॅकच्या तज्ज्ञांनी वर्तवली आहे, म्हणून शोध थांबत नाही. सापडला तर ते दोघे माथ्यावर पोचले होते का, हे कळेलही. मला तो सापडावा असं मनापासून वाटतं, पण त्या रिळात माथ्याऐवजी नुसते ढग आणि खडक निघाले तरी ते तेवढ्याच निगुतीनं जपावेत.

या सगळ्या चित्रांमागे आणखी कुणाची तरी पाठ आहे. 1860 च्या दशकात सॅम्युअल बोर्न हिमालयात ओल्या काचेवर फोटो काढत होता, तेव्हा काचा, रसायनं आणि अंधारतंबू वाहायला त्याच्या तांड्यात कितीतरी हमाल असत. नोएलचा कॅमेरा नॉर्थ कोलवर शेर्पांच्या पाठीवर गेला. 1922 च्या जूनमध्ये त्याच खिंडीखाली हिमकड्यानं सात ओझेवाल्यांना गाडलं. 1924 मध्ये मॅलरी-आयर्विनच्या आधी तळाच्या वाटेवर शमशेरपुन हा गुरखा शिपाई आणि मनबहादूर हा चांभार मेले होते. मोहिमेच्या लोकांनी तळाजवळ रचलेल्या दगडी स्मारकावर त्यांचीही नावं कोरली होती. ब्लँकेटांच्या क्रॉसइतकं त्यांच्या मरणाचं चित्रण कुणी केलं नाही.

नोएल 99 वर्षं जगले आणि 1989 साली वारले. त्यांचं काम टिकलं कारण ते स्वतः आयुष्यभर ते घेऊन व्याख्यानं देत फिरले आणि नंतर संग्रहालयानं ते सांभाळलं. नाहीतर त्या काळची नायट्रेटची फिल्म नाश पावायला काही लागत नाही. ती पेट घेते, नाहीतर आपोआप कुजते. पुण्यात जानेवारी 2003 मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या जुन्या गोदामात लागलेल्या आगीत मूकपटांच्या आणि प्रभातच्या काळातली कितीतरी रिळं गेली. ती हळहळ अजून ओसरलेली नाही.

माझी काळजी त्याहून साध्या गोष्टींबद्दल आहे. साठच्या दशकापासून महाराष्ट्रातून शेकडो लोक हिमालयात गेले. मुंबई-पुणे-नाशिकच्या गिर्यारोहण संस्थांनी मोहिमा काढल्या. त्यांनी स्लाइडी आणल्या, काहींनी आठ मिलिमीटरची छोटी रिळं आणली. शाळांच्या सभागृहांत स्लाइड शो झाले. मग प्रोजेक्टर बंद पडले आणि डबे माळ्यावर गेले. आपल्या दमट हवेत स्लाइडींवर बुरशीची जाळी चढते. ॲसिटेटच्या रिळाला व्हिनेगरसारखा आंबट वास येऊ लागला की ते आकसू लागलंय असं समजावं, आणि एकदा सुरू झालेली ही कूज थांबवता येत नाही, फक्त थंड आणि कोरड्या जागी ठेवून लांबवता येते. त्या डब्यांत शिखरावर झेंडा धरलेले फोटो असतील, आणि ते ज्याचे त्याला प्रिय असणारच. पण त्याच रिळांत गंगोत्रीचं गोमुख 1970 साली कुठे होतं हे असेल. लाहौलमधलं एखादं गाव रस्ता यायच्या आधी कसं होतं, पिंडारी हिमनदीचं तोंड कुठवर होतं, ओझं वाहणाऱ्या कुण्या तरुणाचा चेहरा, आणि आपल्याच सह्याद्रीत धरण व्हायच्या आधीचं खोरं असेल.

एखाद्या संस्थेनं हे डबे गोळा करावेत, प्रत्येक स्लाइडीवर जागा आणि साल लिहून घ्यावं, जोवर लिहून देणारी माणसं आहेत तोवर. स्कॅनर आता परवडणाऱ्या किमतीत मिळतात. आधी जागा आणि तारीख, मग स्कॅन, हा क्रम मोडू नये, कारण नाव नसलेल्या डोंगराचा फोटो पुन्हा त्याच जागी जाऊन जुळवता येत नाही. ज्यांच्या घरी असे डबे आहेत त्यांनी दिवाळीच्या आवराआवरीत ते रद्दीत टाकू नयेत. उघडून, वास घेऊन पाहावेत आणि वडिलांना किंवा आजोबांना शेजारी बसवून विचारावं, हे कुठलं.